जुळलेले दात

आमच्या दादाच्या गोठ्यात गायींना नावं नाहीत. जागेवरून त्या ओळखल्या जातात. दाराकडची, खांबाजवळची, टाकीकडची, कोपऱ्यातली. गेल्या दिवाळीच्या आधी चार दिवस मी गावी गेले होते, तेव्हा सकाळी सातच्या सुमाराला गोठ्यापुढं पिकअप येऊन थांबली आणि वहिनीनं दाराकडच्या गायीचं दावं सोडलं. धारा नुकत्याच आटपल्या होत्या. अंगणात दुधाचा आणि ओल्या शेणाचा मिळून जो सकाळचा वास असतो, तो होता. गाडीत चढवायच्या आधी व्यापाऱ्यानं एकदा तिचं तोंड बघितलं. ओठाच्या कडेला जिथं दात नसतात त्या मोकळ्या जागेतून त्यानं डाव्या हाताची बोटं आत सरकवली, जीभ धरून बाजूला ओढली आणि खालचा ओठ अंगठ्यानं दाबला. मी शेजारीच उभी होते, त्यामुळे मलाही आतलं दिसलं. खालच्या जबड्यात आठ दात, रुंद, एकाला एक लागून बसलेले, कडा शाबूत. एकही हललेला नाही, एकही झिजलेला नाही. "तोंड चांगलंय," असं म्हणून त्यानं हात पुसले.

मी दादाला विचारलं, "हिचं वय किती रे?"

"तीन येतं झाली." म्हणजे तीन वेतं, तीनदा व्यालेली.

"वर्षं किती?"

दादानं गोठ्याच्या भिंतीकडं पाहिलं. त्या भिंतीवर कोळशानं आणि खडूनं तारखा लिहिलेल्या असतात. कुठली गाय कधी माजावर आली, कधी भरवली, डॉक्टर परत कधी यायचेत. दाराकडचीच्या रेघेत तीन तारखा होत्या आणि तिन्हींवर काट मारलेली होती. तीनदा भरवली, तीनदा उलटली, म्हणजे गाभण राहिलीच नाही. त्यात पावसाळ्यात कासदाह होऊन एक सड कायमचा गेला होता. तिच्या जन्माची तारीख भिंतीवर कुठंच नव्हती. ती गाभण कालवड म्हणून विकत आणलेली, त्यामुळे ती असायचं कारणही नव्हतं. "सहा असंल," दादा शेवटी म्हणाला. "लई तर सहा." तोवर गाडीचं फाळकं लागलं होतं. गाडी कुठं जाणार हे दादानं विचारलं नाही. मीही विचारलं नाही. पुण्याला परत येताना आणि नंतरही कितीतरी दिवस ते आठ कोरे दात माझ्या डोळ्यांपुढून हलेनात. कारण म्हाताऱ्या जनावराचं तोंड मी लहानपणी जवळून पाहिलेलं आहे आणि ते असं नसतं.

जनावराचं वय वर्षांत मोजायची आपल्याकडं पद्धतच नव्हती. दुधाचे दात आहेत तोवर ते आदत. पुढचे दोन पडून पक्के आले, म्हणजे साधारण दोन-अडीच वर्षांचं झालं, की दुसा. चार झाले की चौसा, मग सहादाती, आणि चार-साडेचार वर्षांच्या सुमाराला आठही पक्के आले की जुळला. बैलगाडा शर्यतींच्या पत्रकांवर आजही आदत, दुसा, चौसा असे गट छापलेले असतात. जुळल्यानंतर मात्र दात काही सांगत नाहीत, निदान तरुणपणाच्या हिशेबानं नाही. तिथून पुढं वाचायची ती झीज. कडा बोथट होतात, मग दातांमध्ये फटी पडतात आणि शेवटी हिरडीत रोवलेल्या पिवळ्या खुंट्या उरतात. गायीचं मोजमाप वेतावर. एक वेत म्हणजे एक वासरू आणि त्यामागचं दूध. शिंगांवरही एकेका वेतामागं एक वळं पडतं. आमचे आबा शिंगावरून बोट फिरवत वळी मोजायचे आणि त्यात दोन मिळवून गायीचं वय सांगायचे. संकरित कालवडींची शिंगं आता लहानपणीच डागून मारतात, कारण दाटीच्या गोठ्यात शिंगांनी इजा होते. ते बरोबरही आहे. पण वय लिहून ठेवायची तेवढी एक जागा त्यात गेली.

हरण्याचं वय मात्र आमच्या घरात नक्की ठाऊक होतं. बहात्तरचा दुष्काळ उठला आणि त्यानंतरच्या पहिल्या पौषात आबांनी खरसुंडीच्या यात्रेतून आदत खिल्लार खोंड आणलं. दुष्काळात जन्मून जगलेलं खोंड म्हणून आजीला त्याचं फार कौतुक. तिच्या मते ज्यानं ते वर्ष काढलं तो पुढं काहीही काढेल. हरण्या गेला तो किल्लारीच्या भूकंपाच्या वर्षी, दिवाळी होऊन गेल्यावर. १९७२ ते १९९३. एकवीस वर्षं. मी तेव्हा सातवीत होते. त्याची शेवटची तीन-चार वर्षं मला लख्ख आठवतात, कारण त्याला वैरण घालायचं काम माझ्याकडं होतं. जू मानेवर चढायचं त्याचं कधीच बंद झालं होतं. खांद्यावर वर्षानुवर्षांच्या जुवानं पडलेला घट्टा तेवढा राहिला होता, हाताला तळव्याच्या कातडीसारखा कडक लागायचा. बेंदराच्या आदल्या दिवशी आबा त्याच घट्ट्याला लोणी-हळद लावून खांदेमळणी करायचे, काम सुटलेलं असूनही. सकाळी मला त्याच्यापुढं कडबा नुसता टाकता यायचा नाही. कडबा अगदी बारीक तोडायचा, घमेल्यात पाणी आणि भिजलेली पेंड घालून तासभर ठेवायचा, मग गव्हाणीत ओतायचा. तरीही तो पुरता चावू शकायचा नाही. रवंथ करताना तोंडातून अर्धवट चघळलेल्या घासाच्या ओल्या गोळ्या खाली पडायच्या आणि तो त्या गोळ्यांकडं बघत राहायचा. एकदा आबांनी त्याचं तोंड उघडून मला दाखवलं. कानशीसारखी खरखरीत जीभ, आणि तिच्या पुढं सात खुंट्या. आठवी जागा मोकळी. "हे दात आपल्या रानात झिजल्यात," आबा म्हणाले. बाकी काही बोलले नाहीत.

तो मेला तेव्हा बांधावरच्या लिंबाखाली खड्डा काढून पुरला. खड्ड्यात मिठाची पोती ओतलेली आठवतात. त्या संध्याकाळी आजीनं चूल पेटवली नाही.

हे मी इथंच थांबवलं असतं तर आमच्या घराची फार सुंदर गोष्ट झाली असती. पण हरण्या एकटा नव्हता. बैल जोडीनं असतात.

दुसऱ्याचं नाव पाखऱ्या. त्याच खोंडपणापासून हरण्याच्या डाव्या अंगाला चालणारा, अंगानं थोडा थोराड, कपाळावर करडी झाक असलेला. तो एकवीस वर्षांचा झाला नाही. तेरा-चौदा वर्षांचा असताना आबांनी त्याला बाजारात नेऊन विकला. धाकट्या आत्याचं लग्न ठरलं होतं आणि त्याच्या पुढच्या पायात काहीतरी दोष येऊन तो लंगडायला लागला होता. तेव्हा आपल्या राज्यात गायीच्या कत्तलीला बंदी होती, पण कामातून गेलेल्या बैलाचा दाखला मिळायचा. लंगडा बैल कोण नांगराला घेणार नाही हे आबांना कळत नव्हतं असं नाही. मी तेव्हा चार-पाच वर्षांची, मला आठवत नाही, पण आईनं सांगितलंय. आबा संध्याकाळी बाजारातून आले, हातात नुसतं दावं होतं. ते त्यांनी खुंटीला टांगलं आणि जेवायला बसले. ते दावं मी कळत्या वयापासून त्या खुंटीला पाहत आले आणि बरीच वर्षं मला वाटायचं की ते असंच, जादाचं दावं आहे. एकाच दावणीला, एकाच मालकाच्या हाताखाली, एकाच वैरणीवर वाढलेल्या दोन बैलांच्या आयुष्यात सात-आठ वर्षांचं अंतर पडलं. हरण्याची ती वर्षं त्याला आबांनी दिली, आणि पाखऱ्याची आबांनीच काढून घेतली. दोन्ही खरं आहे. पूर्वीच्या शेतकऱ्याची माया आणि आताच्याचा बाजार अशी वाटणी मला करता येत नाही ती पाखऱ्यामुळं.

गाय किंवा बैल, नीट सांभाळ झाला तर वीस वर्षं जगू शकतो. आयर्लंडच्या केरी परगण्यात बिग बर्था नावाची एक गाय होती. १७ मार्च १९४५ चा तिचा जन्म, आणि ती मेली १९९३ च्या ३१ डिसेंबरला. हरण्या गेला त्याच हिवाळ्यात. अठ्ठेचाळीस वर्षं आणि वर नऊ महिने जगली, एकोणचाळीस वासरं दिली. हे वाचलं तेव्हा मी कितीतरी वेळ त्या आकड्याकडं पाहत बसले. ती अर्थातच अपवाद. पण दुसऱ्या टोकाला जे चाललंय तो अपवाद नाही, तो नेम आहे. युरोप-अमेरिकेतल्या मोठ्या डेअऱ्यांमध्ये गाय सरासरी पाच-सहा वर्षांची झाली की जाते, तिसरं वेत धड पुरं व्हायच्या आत. मांसासाठी वाढवलेलं जनावर दीड-दोन वर्षांत जातं. त्याला तर दुसा होण्यापुरतंच आयुष्य. न्यूझीलंडमध्ये गायी बाहेर गवतावर चरतात, तिथं त्या वेत-दीड वेत जास्त टिकतात. जनावर तेच, रक्तही पुष्कळदा तेच. वय बदलतं ते जमिनीनं, खाण्यानं आणि हिशेबानं.

आपल्याकडच्या संकरित गायीचं नेमकं काय होतं हे मला दादाच्या गोठ्यातच हळूहळू कळलं. गाय व्याली की पहिले दोन-तीन महिने ती खाईल त्यापेक्षा जास्त दुधातून देते. तेवढं खाणं तिच्या पोटात मावतच नाही. मग ती अंगातलं काढून देते. पाठीचा कणा वर येतो, माकडहाडाच्या दोन्ही बाजूंना खळगे पडतात, आणि याच महिन्यांत तिनं पुन्हा माजावर येऊन गाभण राहावं अशी अपेक्षा असते, कारण वर्षाला एक वेत मिळालं तरच गोठा परवडतो. ज्या शरीराला स्वतःपुरतं पुरत नाही ते दुसरा जीव धरत नाही. माज मुका जातो किंवा गाय उलटत राहते. त्यात खाली कोबा. मऊ मातीवर उभं राहायला घडलेले खूर चोवीस तास कठीण जमिनीवर. गुडघ्यांना घट्टे पडतात, बसताना त्रास होतो म्हणून ती बसायचं टाळते, आणि न बसलेली गाय दूधही कमी देते. उन्हाळ्यात होल्स्टीनचं रक्त जास्त असलेली गाय दुपारभर तोंड उघडं टाकून धापा टाकते. मग कासदाह, खुरांचं दुखणं, लाळ्या-खुरकूत, २०२२ साली पसरलेला लम्पी. यातलं एकही म्हातारपण नाही. ही सगळी तरुण जनावराची दुखणी आहेत. आणि मला सर्वांत लागलेली गोष्ट अशी, की गायीचं दूध भरात येतं ते तिसऱ्या ते पाचव्या वेतात. म्हणजे कालवड सांभाळायचा खर्च फिटून ती जेव्हा खऱ्या अर्थानं द्यायला लागते, नेमकी तेव्हा ती गाडीत चढते.

गोऱ्ह्याबद्दल लिहायला हात धजत नाही, पण त्याला सोडून वयाचं बोलणं पुरं होत नाही. दादाकडं गेल्या वर्षी दोन गोऱ्हे झाले. ट्रॅक्टर आल्यापासून बैलच कमी झालेत, आणि संकरित गोऱ्ह्याला तर वशिंडही नीट नसतं, जू कशावर ठेवणार. त्याला पहिले काही दिवस चीक मिळतो. मग त्याच्या वाट्याचं दूध हळूहळू कमी होत जातं. कुणी त्याला मारत नाही. त्यातला एक अठराव्या दिवशी सकाळी पडलेला सापडला. दुसरा कुणीतरी नेला. आता कालवडीच होतील अशा रेतनाच्या कांड्या मिळतात, त्या महाग पडतात, तरी वहिनी म्हणते तेवढ्या कांड्यांचे पैसे द्यायला तिचा जीव कधीच कचरत नाही.

कायद्यानंही जनावराच्या वयाचा विचार केलेला आहे, आणि तो माझ्या मनात दातांच्या शेजारीच जाऊन बसला. गुजरातच्या जुन्या कायद्यात सोळा वर्षांवरच्या बैलाच्या कत्तलीला परवानगी मिळू शकत होती. सोळाव्या वर्षानंतर बैल निकामी, असं गृहीत धरलेलं. १९९४ साली तिथं ती वयाची अट काढून पूर्ण बंदी केली, आणि २००५ साली सर्वोच्च न्यायालयाच्या सात न्यायमूर्तींच्या पीठानं ती बहुमतानं उचलून धरली. त्या निकालात म्हाताऱ्या बैलाच्या शेणामुताचा विचार केलेला आहे, की काम सुटलं तरी शेण देणारं जनावर निरुपयोगी होत नाही. आपल्याकडं गायीची बंदी १९७६ च्या कायद्यातलीच. बैल आणि वळू त्यात आले ते २०१५ साली. १९९५ ला विधिमंडळात मंजूर झालेल्या दुरुस्तीला वीस वर्षांनी राष्ट्रपतींची मंजुरी मिळाली. आबांनी हे ऐकलं असतं तर त्यांना काय वाटलं असतं याचा मी पुष्कळदा विचार करते. पाखऱ्या त्यांना विकता आला नसता. मग आत्याच्या लग्नाला पैसा कुठून आला असता, हाही विचार त्यापाठोपाठ येतोच. कायदा जनावर मारू नका एवढं सांगतो. ते उरलेली सहा-आठ वर्षं कुणाच्या वैरणीवर जगणार, हे त्यानं शेतकऱ्यावर सोडलंय, आणि आमच्याकडच्या बाजारात म्हाताऱ्या बैलाला आता गिऱ्हाईकच उभं राहत नाही. दादाच्या हिशेबानं भाकड गाय दिवसाला दीडशे-दोनशेची वैरण खाते. गायीच्या दुधाचा दर सव्वीस-सत्तावीस रुपयांवर आला होता, सरकारला २०२४ मध्ये लिटरमागं पाच रुपयांचं अनुदान द्यावं लागलं, त्या दिवसांत हा हिशेब करताना मी दादाचा चेहरा पाहिलेला आहे. त्याला निर्दय म्हणणाऱ्यानं एक उन्हाळा आमच्या तालुक्यात चारा विकत घेऊन बघावा.

बरीच वर्षं झाली, रतनगडाहून उतरून आम्ही काहीजण अकोले तालुक्यातल्या एका वाडीत मुक्कामाला थांबलो होतो. जुलैचा पाऊस, चार दिवस उघडलेला नव्हता. घराच्या निम्म्या भागात गुरं आणि निम्म्यात माणसं, मध्ये कुडाची भिंतसुद्धा नाही. डांगी गायी. पांढऱ्या अंगावर काळे शिंतोडे, आणि कातडीला हात लावला तर तेलकट ओल. त्यांच्या कातडीतून एक तेलकट अंश झिरपतो, त्यामुळे पाऊस अंगात मुरत नाही. संध्याकाळी रानातून आली तेव्हा त्यांच्या अंगावरून पाणी ओघळून नुसतं निथळत होतं आणि घरभर ओल्या गवताचा, धुराचा आणि जनावराच्या गरम अंगाचा वास भरला होता. त्या घरातली म्हातारी चुलीपाशी बसून एका गायीच्या गळ्याची पोळी खाजवत होती. मी सहज विचारलं, "किती वर्षांची गं आजी ही?" ती म्हणाली, "नऊ येतं झाली हिची, बाय." डांगी गाय पहिल्यांदा विते तीच चार वर्षांच्या पुढं, आणि दोन वेतांत वर्ष-दीड वर्षाचं अंतर. मी मनाशी मांडलं, सोळा-सतरा वर्षांपर्यंत गेली असणार. दूध विचारलं तर म्हातारीनं कोपऱ्यातल्या तांब्याकडं बोट केलं. वेळेला तेवढंच. त्या तांब्याभर दुधावर आमच्या दादाचं एक कर्ज फिटणार नाही, मुलांची फी भरली जाणार नाही. पण ती गाय तिथं चुलीच्या उबेला, डोळे अर्धे मिटून, सतरा वर्षांच्या दातांनी रवंथ करत बसली होती, आणि तिच्याकडून कुणालाच काही घाई नव्हती.

पुण्याजवळच्या एका गोशाळेतही मी गेले आहे, मैत्रिणीच्या वडिलांच्या नावानं चारा द्यायला. म्हातारी जनावरं सांभाळायची आपल्याकडची रीत जुनीच, मुंबईचं पांजरपोळ सर जमशेटजी जीजीभाईंच्या पुढाकारानं १८३४ साली उभं राहिलं ते आजही आहे. त्या गोशाळेत मला खरोखरच म्हाताऱ्या गायी दिसल्या. पापण्यांचे केस पांढरे झालेल्या, माना खाली सोडलेल्या. रस्त्यावरून आणलेल्या काहींची पोटं एका बाजूनं फुगलेली, आत प्लास्टिक होतं. तिथला माणूस मनापासून करत होता, जखमा धुवून औषध भरत होता. पण जागा थोडी आणि गायी फार. उठता न येणाऱ्या एका गायीजवळ मी जरा वेळ बसले. तिच्या कुशीला टेकू द्यायला वाळूचं पोतं लावलेलं होतं. वर्षं पुष्कळ मिळाली होती तिला. तिथून निघताना मला हरण्याचं घमेलं आठवलं, पेंडीचं पाणी आणि त्यात भिजलेला बारीक कडबा, आणि मला कळलं की एकवीस हा आकडा त्या घमेल्याशिवाय फारसा सांगण्यासारखा नाही.

मधल्या काळात दादाशी फोनवर याच विषयावर चार-दोन वेळा बोलणं झालं. आमच्या शिवारातल्याच एका तरुण पोरानं मुक्त गोठा केलाय. तारेचं कुंपण, मध्ये कोरड्या शेणमातीची मऊ जमीन, बांधावर सावलीची झाडं, गायी दिवसभर सुट्या. पाणी हवं तेव्हा पितात, वाटेल तेव्हा बसतात. त्याच्याकडं सातव्या वेताची संकरित गाय आहे. खुराक तो बेतानं वाढवतो, दूध ओढून काढत नाही, निवडीच्या वेळी नुसतं आईचं दूध न बघता आई किती वेतं टिकली हे विचारतो. नेदरलँड्समध्ये आयुष्यात एक लाख किलो दूध देणाऱ्या गायीचा मालक फलक लावून मान मिळवतो, हे मी दादाला सांगितलं. एवढं दूध द्यायला गायीला साधारण आठ-दहा वेतं दावणीला टिकावं लागतं. दादा बराच वेळ गप्प होता. मग म्हणाला, "सातव्या येताची हाय ती बघून आलो मी. खाली दोन दातात फट पडलीय तिच्या." त्याच्या आवाजात असं काहीतरी होतं, जसं कुणी दुसऱ्याच्या घरात आपल्या वडिलांचा फोटो पाहून आलंय. मी पुढं काही बोलले नाही. गोठा सुटा करायला जागा लागते, कुंपणाला पैसे लागतात, आणि दादाची अडीच एकरातली निम्मी जागा उसाखाली आहे. ते मला माहीत आहे.

संक्रांतीला पुन्हा गेले. दाराकडच्या जागेवर दुसरी गाय बांधलेली होती, पहिल्या वेताची, टॅगचा पिवळा बिल्ला अजून स्वच्छ. तीच आता दाराकडची. पूर्वीच्या दाराकडचीची कालवड पलीकडं मोकळी सोडलेली होती. दादानं गोठ्याच्या मागं चिंचेखाली पंधरा-वीस फुटांची जागा बांबू ठोकून बंदिस्त केली होती, एवढीच. खाली उसाचं पाचट आणि माती. कालवड अकरा महिन्यांची, आईसारखीच काळी-पांढरी, कपाळावर चांद. माझ्या ओढणीचं टोक तिनं तोंडात धरून चघळलं, ते सोडवताना तिचे दुधाचे दात बोटाला लागले. तांदळाच्या दाण्यांसारखे, थोडे सैल.

संध्याकाळी धारांच्या वेळी मी गोठ्यात उभी होते. दिवा लावल्यावर भिंत उजळली. नेहमीच्या तारखा होत्या, माजाच्या, भरवल्याच्या, एक-दोन ताज्या. सगळ्यांत खाली, मुलांच्या हाताला येईल एवढ्या उंचीवर, वहिनीच्या अक्षरात एक नवीन ओळ होती. माजाच्या, भरवल्याच्या कुठल्याच तारखांशी तिचं नातं नव्हतं. गेल्या फेब्रुवारीतली तारीख, आणि पुढं कोळशानं लिहिलेलं: चांदणी जन्मली.

"तू सारखं वय विचारतीस," कास धुता धुता वहिनी म्हणाली. "म्हणून लिवून ठिवलं."